वरचे दूध आणि अंगणवाडीचा शिधा

अंगणवाडीत डब्याचे दूध मिळते का, हा प्रश्न दोन वर्षांपूर्वी ऐन श्रावणात एका विद्यार्थ्याने मला विचारला. बी. ए.च्या दुसऱ्या वर्षाचा मुलगा. बिलोली तालुक्यातले, मांजरेच्या काठचे त्याचे गाव. आठवडाभर वर्गात दिसला नव्हता. कारण विचारले तेव्हा मान खाली घालून म्हणाला, "सर, भावजय गेली. बाळंतपणात. लेकरू हाय, पन सारखं रडूलालंय. आजीनं मेडिकलातून डबा आणलाय. अंगणवाडीत मिळंल का हो तसला डबा?"

मी अर्थशास्त्र शिकवतो. अनुदान, तूट, कल्याणकारी राज्य हे शब्द फळ्यावर लिहिण्यात माझी वीस वर्षे गेली. पण या साध्या प्रश्नाला माझ्याजवळ उत्तर नव्हते. "विचारून सांगतो," एवढेच म्हणालो. विचारता विचारता जे कळले ते तुमच्यापुढे ठेवतो आहे, कारण हा प्रश्न तुमच्याही दारात कधी ना कधी येणार. शिक्षक बंधुभगिनींच्या दारात तर नक्कीच. खेड्यातली माणसे कागद वाचून घ्यायला अजून मास्तरांकडेच येतात.

उत्तर आधी सांगून टाकतो. नाही, मिळत नाही. आणि ते सेविकाताईंनी कपाटात दडवून ठेवले आहे, किंवा वरून आले पण वाटेत मुरले, असेही नाही. सहा महिन्यांच्या आतल्या बाळासाठी दुधाची भुकटी देण्याची तरतूदच त्या योजनेत नाही. ती का नाही, हे समजून घेतले तर ताईंशी भांडण्यात आपला वेळ जाणार नाही. आईवेगळ्या तान्ह्या बाळाच्या बाबतीत वेळ फार थोडा असतो.

सरकारने खाऊ घालण्याची आपल्या भागातली आठवण म्हणजे सुकडी. बाहत्तरच्या दुष्काळात खडी फोडणाऱ्यांच्या हातावर ती पडली. त्याही आधी युनिसेफने पाठवलेली दुधाची भुकटी पाण्यात कालवून शाळेतल्या मुलांना पाजत असत. जुन्या मंडळींना तिची चव आठवत असेल. मग २ ऑक्टोबर १९७५ रोजी देशातल्या ३३ ठिकाणी एकात्मिक बालविकास सेवा योजना सुरू झाली. आपण जिला अंगणवाडी म्हणतो ती हीच. पुढे २०१३ साली राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा झाला आणि अंगणवाडीचा आहार मेहेरबानीचा न राहता हक्काचा झाला. गरोदर स्त्रीला आणि बाळंतिणीला बाळंतपणानंतर सहा महिने. मुलाला सहा महिन्यांपासून सहा वर्षांपर्यंत. सहा महिन्यांच्या आतल्या बाळासाठी त्या कायद्यात एवढेच म्हटले आहे की, निव्वळ स्तनपानाला उत्तेजन द्यावे.

म्हणजे शासन तान्ह्या बाळाला दूध देत नाही, तर त्याच्या आईला अन्न देते आणि दूध करायचे काम तिच्याकडे सोपवते. हिशेबही तसाच आहे. अंगणवाडीतून बाळंतिणीला रोजचे ६०० उष्मांक आणि १८ ते २० ग्रॅम प्रथिने मिळावीत असे प्रमाण ठरले. आणि अंगावर पाजणाऱ्या आईला पहिल्या सहा महिन्यांत नेहमीपेक्षा जादा किती उष्मांक लागतात? आपल्या आहारशास्त्रज्ञांनी काढलेला आकडा आहे सुमारे ६००. तेव्हा ते पाकीट म्हणा, कोरडा शिधा म्हणा (त्याचे रूप अधूनमधून बदलते), हे बाळाचेच दूध आहे. फक्त ते आईच्या पोटातून जायचे आहे. आपल्या घरांत ते जाते कोठे? एकदा शिजले की ताटे सहा होतात. सासऱ्याला, दिराला, थोरल्या पोरांना, आणि उरले तर तिला. हे मी टीका म्हणून सांगत नाही, आमच्याही घरी हेच झाले. पण बाळंतीण उपाशी आणि बाळाला मेडिकलचा डबा, हा व्यवहार अर्थशास्त्राच्या कोणत्याच नियमात बसत नाही.

डबा वाटला जात नाही याचे दुसरे कारण कायद्याचे आहे, आणि त्यामागे मोठी कहाणी आहे. सिसिली विल्यम्स नावाच्या एक डॉक्टर होत्या. १९३९ साली सिंगापुरात त्यांनी एक भाषण केले. गरीब वस्त्यांतल्या आयांना डब्याच्या दुधाची भुरळ घालायची आणि त्यापायी बाळे दगावायची, याला त्यांनी सरळ खून हा शब्द वापरला. त्यानंतरही कित्येक वर्षे गरीब देशांत परिचारिकेसारखा पांढरा पोशाख घातलेल्या विक्रेत्या बाळंतिणीच्या खाटेपाशी जाऊन फुकट डबे देत. फुकटचा डबा आठवडाभर चाले. तेवढ्यात आईचे दूध आटे आणि पुढचा डबा विकत घ्यावा लागे. अखेर १९८१ साली जागतिक आरोग्य परिषदेने या विक्रीसाठी आचारसंहिता केली, आणि आपल्याकडे १९९२ साली कायदा झाला. २००३ साली तो आणखी कडक करण्यात आला. दोन वर्षांच्या आतल्या बालकांसाठीचे दुधाचे पर्याय, बाटल्या आणि बालान्न यांची जाहिरात करायची नाही, फुकट नमुने द्यायचे नाहीत, आईला भेटवस्तू द्यायची नाही. मेडिकलातला डबा एकदा हातात घेऊन पाहा. बिस्किटाच्या पुड्यावर असते तसे गुटगुटीत बाळ त्यावर नाही. आईचे दूधच सर्वोत्तम, हे मात्र ठळक छापलेले आहे. आपल्याच मालाविरुद्ध असे छापायला लावणारा कायदा फार थोड्या वस्तूंच्या वाट्याला येतो.

माझा विद्यार्थी हुशार. त्याने मोबाईलवर शोधून मला दाखवले, "सर, अमेरिकेत तर सरकारच डबे देतं." खरे आहे. तिथे १९७२ साली गरीब माता आणि पाच वर्षांखालील मुले यांच्यासाठी एक पोषण योजना मंजूर झाली. दवाखान्यात नाव नोंदवायचे, कार्ड घ्यायचे आणि ठरलेल्या दुकानातून भुकटी आणायची. त्या देशात खपणाऱ्या बाळांच्या भुकटीपैकी जवळजवळ निम्मी या योजनेतून जाते. पण त्याच योजनेत अंगावर पाजणाऱ्या आईला अन्नाचा मोठा वाटा मिळतो आणि तो वर्षभर मिळतो, हेही सांगायला हवे. आणि २०२२ साली तिथला एक मोठा कारखाना काही महिने बंद पडला तेव्हा दुकानांच्या फळ्या रिकाम्या झाल्या आणि आया गावोगाव डबे शोधत हिंडल्या. श्रीमंत देशातही डब्याची दोरी कारखान्याच्या हाती असते.

एवढ्या लांबही जायला नको. मुलाची थोरली बहीण मांजरेपलीकडे, बोधनकडे दिलेली. ती माहेरी आली ती बालामृतम्‌चे पाकीट घेऊन. "आमच्याकडं देतेत, तुमच्याकडं कामून देत नाहीत?" असा तिचा सवाल. सीमेवरच्या गावांत ही तुलना रोजचीच. पण पाकीट वाचून पाहिले तर ते सातव्या महिन्यापासून पुढच्या मुलांसाठी आहे. गहू, हरभऱ्याची डाळ, दुधाची भुकटी, साखर, तेल असा तो शिजवलेला भरडा. तीन आठवड्यांच्या बाळाला तो चालत नाही. त्या बाबतीत दोन्ही राज्यांचे धोरण एकच.

आता ज्या घरात आई आहे, पण "दूधच येत नाही" अशी ओरड आहे, तिथले थोडे बोलू. पहिले दोन-तीन दिवस येते ते पिवळसर चिकाचे दूध. ते चमचाभरच असते, आणि बाळाच्या जठराला तेवढेच पुरते. ते पिळून टाकायचे, मध किंवा गुळाचे पाणी चाटवायचे आणि तिसऱ्या दिवशी म्हणायचे की दूध कमी आहे, ही आपल्याकडची जुनी खोड. आईचे दूध विहिरीसारखे आहे. उपसावे तसे झरे मोकळे होतात. वरचे दूध सुरू केले की बाळ कमी ओढते, कमी ओढले की कमी येते. पुरते की नाही ते दोन गोष्टींवरून ओळखावे. आठवड्यानंतर दिवसरात्रीत बाळाला सहा वेळा किंवा जास्त लघवी होते का, आणि वजन वाढते का. वजनाचा काटा अंगणवाडीत आहे. रडण्यावरून काही ठरवू नये; बाळ रडायला शंभर कारणे असतात.

पण माझ्या मते आपल्या भागात बाटली घरात येते ती दूध कमी म्हणून कमी आणि मजुरीमुळे जास्त. खुरपणी आली, कापूस वेचणीला आला, की सव्वा महिन्याची बाळंतीण रानात जाते. सासूपाशी बाळ आणि बाळापाशी बाटली. कोणी घरदार घेऊन वीटभट्टीवर किंवा ऊसतोडीला जाते. पहिल्या बाळंतपणाला प्रधानमंत्री मातृवंदना योजनेतून पाच हजार रुपये मिळतात ते बुडालेल्या मजुरीसाठीच. पण सहा महिन्यांच्या मजुरीपुढे ते किती, याचा हिशेब तुम्हीच करा. रानात जायचेच असेल तर जाण्यापूर्वी दूध हाताने काढून, स्वच्छ वाटीत झाकून, सावलीत ठेवता येते. चार तास ते टिकते, आपल्याकडच्या उन्हाळ्यात त्याहून कमी. सासूने ते चमच्याने पाजावे. आणि परगावी गेलात तर तिथल्या अंगणवाडीत नाव लावून घ्या. नोंद आता मोबाईलवर असते आणि ती एका गावातून दुसऱ्या गावात नेता येते.

हे सारे आई असलेल्या घरचे झाले. त्या मुलाच्या घरात आईच नव्हती.

मी आणि तो दुसऱ्या दिवशी त्याच्या गावी गेलो. आजी डब्यातला एक चमचा भुकटी पाऊण बाटली पाण्यात कालवत होती. "पानी जरा जास्त घालाव म्हनलं सर, डबा चार दिस जास्त पुरंल." यात तिचा दोष नव्हता. हिशेब पाहा. दोन महिन्यांच्या बाळाला दिवसाला सुमारे सातशे मिलीलिटर दूध लागते, म्हणजे जवळजवळ शंभर ग्रॅम भुकटी. महिन्याची झाली तीन किलोच्या आसपास. चारशे ग्रॅमचा डबा धरला तर सात डबे. आपल्या गावच्या मेडिकलात डब्याची किंमत विचारा, सातने गुणा, आणि तो आकडा मजुराच्या महिन्याच्या कमाईशेजारी ठेवा. पाणी का वाढते ते आपोआप कळेल. पण पाण्याने पोट फुगते आणि बाळ वाळते. सेविकाताईंनी काटा आणला. बाळ जन्मले त्या वजनापेक्षाही खाली गेले होते. जन्मल्यावर बाळाचे वजन थोडे उतरते, पण दोन आठवड्यांत ते भरून यायला हवे. याचे दोन आठवडे उलटले होते.

ताईच म्हणाल्या, "सर, माझ्याकडं याला द्यायला काही नाही. पण नाव लिहिते, आणि आजच दवाखान्यात न्या." हेच मला तुम्हाला सांगायचे आहे. आईवेगळ्या बाळाची वाट अंगणवाडीतून दवाखान्याकडे जाते, आणि ती त्याच दिवशी धरावी लागते. आशाताईला हाक मारा, गाडी मागवा. २०११ पासून चालू असलेल्या जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमात सरकारी दवाखान्यात तान्ह्या बाळाची तपासणी, औषधे आणि नेण्याआणण्याची गाडी फुकट आहे. आधी ही सोय तीस दिवसांच्या बाळापर्यंतच होती, नंतर ती वर्षापर्यंत वाढवली. बिलोलीच्या ग्रामीण रुग्णालयातून, गरज वाटली तर, नांदेडला विष्णुपुरीच्या डॉ. शंकरराव चव्हाण शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात पाठवतात.

आणि इथे त्या १९९२ च्या कायद्याचे आठवे कलम कामाला येते. फुकट वाटायला बंदी करणाऱ्या त्याच कायद्यात एक दार उघडे ठेवले आहे. जी आई अंगावर पाजू शकत नाही आणि जिला डबा विकत घेण्याची ऐपत नाही, तिला माता-बालकांच्या आरोग्याचे काम करणारी संस्था दुधाचा पर्याय देऊ शकते. बाकी कोणी नाही. कंपनी नाही, दुकानदार नाही, पुढारी नाही. तो कसा करायचा हेही आरोग्यसेवकानेच दाखवायचे. मात्र शब्द नीट वाचा. देऊ शकते असे आहे, दिलेच पाहिजे असे नाही. ही फट मोठी आहे, आणि माझ्यासारख्याला ती खुपते. म्हणून दवाखान्यात गेल्यावर गप्प बसू नका. परिस्थिती स्पष्ट सांगा. मोठ्या रुग्णालयात समाजसेवा अधीक्षक असतात, त्यांना भेटा. गावाकडच्या दवाखान्याची रुग्ण कल्याण समिती असते, तिला अर्ज करा. अर्ज शिक्षकांनी लिहून द्यावा.

डॉक्टरांनी आजीला समोर बसवून शिकवले ते असे. पाणी उकळून अर्ध्या तासाच्या आत, चांगले गरम असतानाच वापरायचे, कारण भुकटीही पूर्ण निर्जंतुक नसते. आधी मोजून पाणी, मग डब्यातल्याच चमच्याने सपाट मोजून भुकटी; प्रमाण डब्यावर लिहिले असेल तेच. कोमट झाले की लगेच पाजायचे. दोन तासांवर राहिलेले टाकून द्यायचे, जीवावर आले तरी. बाटली बंद, वाटी आणि चमचा, किंवा जुन्या घरातले बोंडले, आतून घासता आले पाहिजे एवढेच. आजीने विचारले, "घरी गाय हाय, तिचं पाजलं तर?" गाईच्या दुधात प्रथिने आणि क्षार आईच्या दुधाच्या तिप्पट असतात, तान्ह्या मूत्रपिंडाला ते ओझे होते, आणि पाणी घातले तर पुन्हा उष्मांक कमी पडतात. डबा मिळणे अगदीच अशक्य असेल तर काय करायचे ते डॉक्टर ठरवतील, आपण नाही.

मग डॉक्टरांनी बोधनहून आलेल्या त्या बहिणीकडे पाहिले. तिच्या कडेवर आठ महिन्यांची मुलगी होती. "अंगावर पाजता का?" हो म्हणाली. तिचे रक्त तपासले, रोग काही नाही याची खात्री केली, आणि आत्याने भाच्याला घेतले. सुरुवातीला तो ओढेना. तेव्हा परिचारिकेने एक बारीक नळी स्तनाला चिकटवून दुसरे टोक दुधाच्या वाटीत सोडले. ओढले की दोन्हीकडून दूध येते, आणि ओढण्याने आत्याचे दूधही वाढते. ही रीत दवाखान्यात शिकवतात. ज्या बाईचे दूध आटले आहे तिलाही अशाने पुन्हा येऊ शकते. मुंबईत शीव रुग्णालयात १९८९ पासून मानवी दुधाची पेढी आहे, आशियातली पहिली, डॉ. आर्मिडा फर्नांडिस यांनी उभी केलेली. तिथे इतर आयांनी दिलेले दूध तपासून, तापवून अशक्त बाळांना देतात. मांजरेकाठी पेढी नव्हती; आत्या होती.

गंमत अशी की, पाजणारी म्हणून तिला अंगणवाडीचा शिधा मिळाला नाही. तिच्या स्वतःच्या मुलीला सहा महिने होऊन गेलेले, म्हणून बाळंतिणीच्या यादीतून ती बाहेर. आणि हे बाळ तर तिचे नव्हते. नियमाला आई ठाऊक आहे, आत्या ठाऊक नाही. सेविकाताईंनी सुपरवायझर मॅडमना विचारले, त्यांनी मान हलवली. शेवटी घरच्यांनीच तिच्या ताटात भाकरी आणि वरणाची वाटी वाढवली.

पैशाचीही एक वाट आहे. क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजनेत, आई किंवा बाप गेलेल्या आणि अडचणीतल्या घरातल्या मुलाला दरमहा मदत मिळते. २०२३ पासून ती २२५० रुपये आहे. ही मदत अनाथालयात टाकण्यासाठी नव्हे, तर मूल घरातच वाढावे म्हणून आहे. अर्ज जिल्हा महिला व बालविकास अधिकाऱ्यांकडे करायचा. जन्माचा आणि मृत्यूचा दाखला, रेशनकार्ड, आधार, बँकेचे पुस्तक लागते. मृत्यूचा दाखला तेराव्याच्या आधीच हाती घ्या, आणि त्यावरचे नाव आधारकार्डाशी अक्षर न् अक्षर ताडून पाहा. आमच्या या घरात एक वेलांटी चुकली होती. ती दुरुस्त होऊन सारे कागद जमेपर्यंत हिवाळा उलटला. डब्यासाठी मागितलेले पैसे आले तेव्हा बाळ भिंत धरून उभे राहत होते. त्यातून आजीने शेळी घेतली.

सहा महिने पूर्ण झाले त्या आठवड्यात ताईंनी बाळाच्या नावाचे पहिले पाकीट दिले. आजीला हाक मारून म्हणाल्या, "आता याचा हक्क सुरू झाला." रोजचे ५०० उष्मांक आणि १२ ते १५ ग्रॅम प्रथिने, एवढा तो हक्क २०१३ च्या कायद्यात ठरला होता. आजीने पाकीट उलटसुलट करून पाहिले, वास घेतला आणि नातवाला विचारले, यात पाणी किती घालायचं ते लिहिलंय का. नातवाने वाचून दाखवले. तिने तेवढेच घातले.